टोचन, तेही अणशी घाटात

मोटारहोममागे धडधाकट छोटी मोटार बांधून जोयडा फिरायचा बेत असेल, तर सोडा. नियमानुसार रस्त्यावरून ओढून न्यायची ती बिघडलेली गाडी, तीही जवळच्या गॅरेजपर्यंत. दोन गाड्यांत 5 मीटरपेक्षा जास्त अंतर नको, वेग ताशी 25 किलोमीटरच्या आत, मागे ‘ऑन टो’ची पाटी आणि मागच्या गाडीत परवानाधारक चालक. त्याने आधी किल्ली फिरवून स्टिअरिंगचं लॉक सोडवावं. इंजिन बंद असलं की दोन-तीनदा दाबल्यावर ब्रेकचं पेडल दगडासारखं होतं. म्हणून अणशी घाटातून कद्र्याकडे उतरताना दोर नकोच. तो सैल पडतो नि मागची गाडी पुढचीवर आदळते. लोखंडी दांडा बरा. ऑटोमॅटिक गाडी असेल तर मात्र थेट फ्लॅटबेड ट्रकच मागवा.