तक्रार उपनिबंधकांकडे पडून आहे? उच्च न्यायालयाचा आदेश कसा मिळतो, कसा वापरावा

सोसायटी आपल्याला हिशेबाची कागदपत्रे देत नाही. आपण उपनिबंधकांकडे, म्हणजे सोसायट्यांवर देखरेख ठेवणाऱ्या सहकार खात्याच्या अधिकाऱ्याकडे, तक्रार दिली. वर्ष होत आले, उत्तर नाही. अशा वेळी मुंबई उच्च न्यायालय त्या अधिकाऱ्याला ठरावीक मुदतीत निर्णय घ्यायला सांगू शकते.

आधी तक्रार योग्य दारी आहे ना, हे बघावे. कागदपत्रे न देणे, सदस्यत्व नाकारणे हे विषय उपनिबंधकांचे. समितीची निवडणूक, सर्वसाधारण सभा, सोसायटीचा कारभार यांवरचे वाद महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातात. पार्किंग, गळती, ऑडिट, शिवीगाळ असे सगळे एकाच अर्जात कोंबले, की अर्ज लोंबकळलाच म्हणून समजा. एका अर्जात एकच मागणी लिहावी.

पोच घ्यावी. आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि कार्यालयाचा शिक्का हवा. शिक्का पुसट उमटला तर खिडकीवरून हलू नका, पुन्हा मारून घ्या. झेरॉक्समध्ये तारीख नाहीशी झालेली पोच मी पाहिली आहे. तिचा काही उपयोग होत नाही.

मग स्मरणपत्र द्यावे. सोबत माहिती अधिकारात फाइल कोणाकडे आहे आणि तिच्यावर काय शेरे आहेत ते विचारावे. ‘प्रकरण कार्यवाहीत आहे’ एवढे उत्तर आले तरी कामाचे. निर्णय झालेला नाही हे त्यातून कार्यालयानेच लिहून दिलेले असते.

त्यानंतर वकिलामार्फत संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका. तिच्यात परमादेश मागितला जातो, म्हणजे कायद्याने नेमून दिलेले काम करा असा अधिकाऱ्याला हुकूम. सोसायटीलाही प्रतिवादी करावे, नाहीतर ‘आम्हाला ऐकलेच नाही’ म्हणायला तिला जागा राहते.

आदेश बहुधा दोन-तीन परिच्छेदांचाच असतो: सर्वांना सुनावणी देऊन, कायद्यानुसार, गुणदोषांवर, अमुक आठवड्यांत निर्णय घ्यावा. पुष्कळांचा गैरसमज होतो तो इथे. न्यायालयाने आपली तक्रार खरी ठरवलेली नसते. उपनिबंधक ती फेटाळूही शकतात. म्हणून पेढे वाटण्याआधी पुरावे लावायला घ्या.

आदेशाची प्रत आपण स्वतः उपनिबंधकांच्या कार्यालयात नेऊन द्यावी आणि पुन्हा पोच घ्यावी. मुदत आदेशाच्या तारखेपासून मोजायची की प्रत मिळाल्यापासून, हे आदेशातच वाचावे. प्रत आपोआप पोहोचेल म्हणून घरी बसणारे अनेक जण आठवडे गमावतात.

सुनावणीला हजर राहावे, लेखी म्हणणे द्यावे. ‘सोसायटीला सूचना दिल्या, तक्रार निकाली’ अशा एका ओळीवर समाधान मानू नये. कारणांसह आदेश मागावा. कारणे नसतील तर पुढे भांडायचे कशावर?

निर्णय विरुद्ध गेला तर तो कोणत्या कलमाखाली दिला आहे ते पाहून कलम १५२ चे अपील किंवा कलम १५४ चा पुनरीक्षण अर्ज करता येतो. दोन्हींची मुदत आदेश कळल्यापासून २ महिने. निर्णय पटला नाही म्हणून अवमान याचिका चालत नाही. अवमान याचिका उच्च न्यायालयाने दिलेली मुदत उलटूनही जाणूनबुजून निर्णयच न घेणाऱ्यासाठी आहे, आणि तीही अवमान घडल्यापासून वर्षभरात दाखल करावी लागते.