प्लुऑटची लागवड आणि छाटणी

प्लम आणि जर्दाळू या कठीण कोयीच्या फळांचा संकर ल्यूथर बरबँक यांनी कॅलिफोर्नियात पूर्वीच साधला असला, तरी आज परसात दिसणारे प्लुऑट हे मोडेस्टोच्या फ्लॉइड झायगर यांनी पुढे अनेक पिढ्या केलेल्या संकरातून आले असून त्यात प्लमचा अंश अधिक असतो. तेथे जानेवारी-फेब्रुवारीत, म्हणजे पाने गळून वाढ थांबलेली असताना, उघड्या मुळांचे कलम लावतात. खुंट आणि कलमकाडी जुळल्याची गाठ मातीच्या वर ठेवावी व शेंडा लगेच गुडघ्याच्या उंचीवर, सुमारे ५० सेंटिमीटरवर, छाटावा. हौशी माणसाचा हात नेमका येथेच अडखळतो. पण हा काप टाळल्यास फांद्या उंचावर फुटतात आणि फळे शिडीवाचून हाती लागत नाहीत. पुढे तीन-चार फांद्या बाहेरच्या दिशेने राखून मधला भाग मोकळा ठेवला, की ऊन आतल्या आखूड फळफांद्यांपर्यंत उतरते. जर्दाळूचा वारसा असल्याने मोठी छाटणी तेथील पावसाळी हिवाळ्यात न करता उन्हाळ्याच्या अखेरीस करणे श्रेयस्कर, कारण ओल्या जखमेतून युटायपा ही फांद्या वाळवणारी बुरशी आत शिरते. बहुतेक वाणांना परागीभवनासाठी जवळ जपानी प्लमचे झाड लागते.