नवजात बाळाच्या प्लेटलेट्स कमी का होतात?

घरात बाळ जन्मल्याची वार्ता येते, दुकानात पेढे वाटले जातात, आजी जुन्या मऊ साड्यांची दुपटी काढून ठेवते. आणि दुसऱ्याच दिवशी डॉक्टर सांगतात, “बाळाच्या प्लेटलेट्स कमी आहेत, चाळीस हजार आल्या आहेत.” त्या एका वाक्याने घरातील आनंदाचा रंग पालटतो. काका रक्तपेढीला दूरध्वनी लावतात, वडील स्वतःचे रक्त द्यायला बाह्या सरसावतात, आत्या मोठ्या शहरातील रुग्णालयाची चौकशी करू लागते. बाळंतीण मात्र खाटेवर पडल्या पडल्या एकच विचार करीत असते, ‘माझेच काही चुकले का?’

या धावपळीमागे माया असते, यात शंका नाही. तथापि नवजात बाळाच्या प्लेटलेट्स कमी होणे हा स्वतंत्र आजार नसून बहुधा दुसऱ्या एखाद्या कारणाची खूण असते. ते कारण जितक्या लवकर समजेल, तितके बाळ सुरक्षित राहते. आणि ते शोधण्यासाठी डॉक्टरांना लागणारी कित्येक माहिती केवळ कुटुंबापाशीच असते.

प्लेटलेट्स म्हणजे काय?

प्लेटलेट्स, म्हणजेच रक्तबिंबिका, हे रक्तातील अतिसूक्ष्म पेशीखंड होत. रक्तवाहिनीला इजा झाली की त्या तेथे एकवटतात आणि रक्त गोठून स्राव थांबण्यास मदत करतात. १८८२ मध्ये इटालियन संशोधक जूलिओ बिझ्झोझेरो यांनी त्यांचे हे कार्य स्पष्ट केले. अस्थिमज्जेतील मोठ्या पेशींपासून त्या तयार होतात आणि साधारणतः सात ते दहा दिवस टिकतात.

निरोगी नवजात बाळाच्या एक मायक्रोलिटर रक्तात प्रौढांप्रमाणेच सुमारे दीड ते साडेचार लाख प्लेटलेट्स असतात. दीड लाखाहून कमी संख्येला ‘कमी’ आणि पन्नास हजारांहून कमी संख्येला ‘अतिशय कमी’ म्हणतात. सर्व नवजात बाळांत हे प्रमाण शंभरात एक ते पाच इतके असते. परंतु अतिदक्षता विभागात दाखल होणाऱ्या बाळांपैकी सुमारे पाव ते एक तृतीयांश बाळांत प्लेटलेट्स कमी आढळतात. त्यांपैकी बहुसंख्य बाळांची संख्या काही दिवसांत आपोआप पूर्वपदावर येते.

प्रथम अहवाल खरा आहे की नाही, हे पाहावे लागते. टाचेला टोचून घेतलेल्या रक्तात बारीक गुठळी झाली किंवा नळीत प्लेटलेट्स एकमेकींना चिकटल्या, तर यंत्र कमी संख्या दाखवते. म्हणून शिरेतून पुन्हा रक्त घेऊन काचपट्टीवर सूक्ष्मदर्शकाखाली तपासणी केली जाते. ‘पुन्हा कशाला टोचता?’ असा आक्षेप त्या वेळी घरच्यांनी घेऊ नये.

कारणांचा शोध

गल्ल्यात शिल्लक कमी भरली, तर व्यापारी तीन शक्यता तपासतो : आवक घटली, खर्च वाढला, की रक्कम कोठे अडकून पडली? प्लेटलेट्सच्या बाबतीतही असेच आहे. अस्थिमज्जेत त्या कमी तयार होत असतील, रक्तात त्यांचा नाश वा वापर अधिक होत असेल, किंवा वाढलेल्या प्लीहेत त्या अडकत असतील. या शोधात डॉक्टरांना सर्वांत उपयुक्त धागा वेळेचा असतो. संख्या जन्मानंतरच्या ७२ तासांत घटली की त्यानंतर, यावरून पुष्कळ उलगडा होतो.

पहिल्या ७२ तासांत आढळणाऱ्या कमतरतेचे नेहमीचे कारण म्हणजे गर्भाशयात वारेकडून बाळाला झालेला अपुरा पुरवठा. मातेचा रक्तदाब वाढलेला असला किंवा गर्भाची वाढ खुंटलेली असली, तर बाळाच्या अस्थिमज्जेचे काम मंदावते. अशा बाळांत संख्या बहुधा मध्यम प्रमाणातच उतरते, चौथ्या दिवसाच्या सुमारास सर्वांत खाली जाते आणि आठ-दहा दिवसांत सावरते. जन्मतः प्राणवायू कमी पडणे, गर्भावस्थेतील विषाणूसंसर्ग आणि डाउन सिंड्रोमसारखे गुणसूत्रांतील दोष हीदेखील कारणे असतात.

७२ तासांनंतर संख्या घसरली, तर मात्र डॉक्टरांना पहिली शंका येते ती रक्तातील जंतुसंसर्गाची किंवा अपुऱ्या दिवसांच्या बाळांत होणाऱ्या आतड्याच्या गंभीर दाहाची. अशा वेळी अहवालाची वाट न पाहता प्रतिजैविके सुरू केली जातात, कारण येथे तासांचे मोल असते. पावसाळ्यात आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी : बाळंतपणाच्या सुमारास आईला डेंग्यू झाला असेल, तर तो बाळालाही होऊ शकतो. म्हणून आईच्या तापाची हकीकत डॉक्टरांना अवश्य सांगावी.

आईकडून येणारे प्रतिपिंड

काही बाळे दिसायला धडधाकट असतात. वजन उत्तम, रडणे जोरदार. तरीही त्यांच्या प्लेटलेट्स फार कमी असतात. अशा बाळांत दोन कारणांचा विचार अग्रक्रमाने करावा लागतो.

पहिले कारण म्हणजे आईला असलेला ‘आयटीपी’ हा विकार. यात आईच्या शरीरातील प्रतिपिंड तिच्याच प्लेटलेट्स नष्ट करतात आणि वारेतून बाळापर्यंतही पोहोचतात. बहुतेक बाळांना यापासून मोठा अपाय होत नाही. सुमारे दहांतील एका बाळाची संख्या अतिशय खाली जाते. ती जन्मानंतर दुसऱ्या ते पाचव्या दिवशी सर्वांत कमी होत असल्याने पहिला अहवाल चांगला आला म्हणून लगेच घरी जाण्याची घाई करू नये.

दुसरे कारण अधिक गंभीर आहे. यात आईच्या स्वतःच्या प्लेटलेट्स उत्तम असतात. परंतु बाळाच्या प्लेटलेट्सवर वडिलांकडून आलेला एक विशिष्ट प्रतिजन असतो, जो आईकडे नसतो. आईचे शरीर त्याला परका समजून त्याविरुद्ध प्रतिपिंड तयार करते. आरएच रक्तगटाच्या विसंगतीशी याचे साम्य आहे. मात्र आरएचमध्ये बहुधा पहिले अपत्य सुरक्षित राहते, येथे पहिल्या अपत्यालाही धोका असतो. पाश्चात्त्य देशांतील पाहण्यांत साधारण हजार जन्मांमागे एक असे याचे प्रमाण आढळते. यात मेंदूत रक्तस्राव होण्याची भीती असल्याने बाळाच्या डोक्याची सोनोग्राफी केली जाते. पुढच्या गर्भारपणात हा त्रास पुन्हा, आणि कदाचित अधिक तीव्रतेने होऊ शकतो. परंतु आधी ठाऊक असेल तर गर्भारपणातच आईवर उपचार करता येतात.

यात दोष कोणाचाच नसतो. जे संरक्षण निसर्गाने आईच्या देहाला दिले आहे, तेच येथे आडवे येते. सुनेच्या पायगुणाची किंवा गर्भारपणातील खाण्यापिण्याची चर्चा अशा वेळी घरात होत असेल, तर ती घरातील वडीलधाऱ्यांनीच थांबवावी.

वडिलांचे रक्त का नको?

‘बाहेरच्याचे कशाला, घरचेच रक्त द्या’ ही भावना आपल्या कुटुंबांत फार प्रबळ आहे. परंतु वर सांगितलेल्या दुसऱ्या प्रकारात वडिलांच्या प्लेटलेट्स निरुपयोगी ठरतात. ज्या प्रतिजनावर प्रतिपिंड हल्ला करीत आहेत, तोच त्यांच्यावरही असतो. त्यामुळे त्याही नष्ट होतात. याउलट आईच्या प्लेटलेट्सवर तो प्रतिजन नसल्यामुळे त्या धुऊन, तिच्या रक्तद्रवातील प्रतिपिंड काढून टाकून, बाळाला देता येतात. तो प्रतिजन नसलेला दाता मिळाला तर उत्तमच. तो मिळेपर्यंत आणीबाणीत इतर दात्यांच्या प्लेटलेट्सही देतात.

जवळच्या नातलगांच्या रक्ताबाबत आणखी एक धोका आहे. त्यातील पांढऱ्या पेशी बाळाच्या शरीरात तग धरून त्याच्याच पेशींवर हल्ला करू शकतात. असे क्वचितच घडते, पण घडल्यास ते बहुधा प्राणघातक ठरते. म्हणून नातलगांचे रक्त किरणप्रक्रिया केल्याखेरीज बाळाला देत नाहीत. ‘आमचे रक्त का घेत नाही?’ असा वाद रुग्णालयात घालण्यापूर्वी हे कारण समजून घ्यावे.

उपचार : किती आणि केव्हा?

उपचार मूळ कारणावर केले जातात. जंतुसंसर्गावर प्रतिजैविके, तर प्रतिपिंडांमुळे संख्या फार घटली असल्यास शिरेतून इम्युनोग्लोब्युलिन दिले जाते. हे औषध मानवी दात्यांच्या रक्तद्रवापासून बनते. बाळाला रक्तस्राव होत असेल, शस्त्रक्रिया करावयाची असेल किंवा संख्या फारच खाली गेली असेल, तर प्लेटलेट्स चढवतात. त्यांचे प्रमाण वजनाच्या प्रत्येक किलोमागे दहा ते पंधरा मिलिलिटर, म्हणजे तीन किलोच्या बाळाला तीस ते पंचेचाळीस मिलिलिटर इतके असते.

‘खर्चाची चिंता करू नका, पण प्लेटलेट्स चढवाच,’ असा आग्रह सधन घरांतून अनेकदा धरला जातो. त्यांनी एक अभ्यास लक्षात घ्यावा. ब्रिटन, आयर्लंड आणि नेदरलँड्समध्ये ३४ आठवड्यांच्या आत जन्मलेल्या ६६० बाळांवर झालेल्या या अभ्यासाचे निष्कर्ष २०१९ मध्ये प्रसिद्ध झाले. एका गटात संख्या पन्नास हजारांखाली येताच प्लेटलेट्स चढवल्या. दुसऱ्या गटात पंचवीस हजारांखाली येईपर्यंत थांबले. २८ दिवसांत मृत्यू किंवा मोठा रक्तस्राव होण्याचे प्रमाण पहिल्या गटात २६ टक्के आणि थांबलेल्या गटात १९ टक्के आढळले. अधिक देणे म्हणजे अधिक हित, हा समज येथे खोटा ठरला. म्हणून बाळ स्थिर असताना डॉक्टर ‘थांबून पाहू’ म्हणाले, तर तो हलगर्जीपणा न मानता विचारपूर्वक घेतलेला निर्णय मानावा.

पपईच्या पानांचा रस, गुटी किंवा कोणताही घरगुती काढा नवजात बाळाला देऊ नये. आईचे दूध बहुतेक बाबतींत चालू ठेवता येते. याविषयी डॉक्टरांचा सल्ला घ्यावा.

कुटुंबाने काय करावे?

सर्वांत मोठे सहकार्य म्हणजे खरी माहिती. आईला पूर्वी आयटीपी किंवा ल्युपस होता काय, आधीच्या अपत्याला असा त्रास झाला होता काय, माहेरच्या घराण्यात लहानपणी वारंवार रक्तस्राव, इसब आणि संसर्ग होऊन मुलगे दगावले होते काय, गर्भारपणात कोणती औषधे घेतली, हे सर्व सांगावे. विवाह जुळताना झाकून ठेवलेला मुलीचा आजार पुढे प्रसूतीच्या वेळीही झाकला जातो आणि त्याची किंमत बाळाला मोजावी लागते. श्रावकाच्या अणुव्रतांत सत्याला स्थान आहे. ते रुग्णालयाच्या केस पेपरवरही पाळले जावे. आणि सून निर्भयपणे सांगू शकेल, असे वातावरण सासरने निर्माण करावे.

घरी आल्यावर बाळाच्या अंगावर दाबल्यावरही न विरणारे बारीक लाल-जांभळे ठिपके दिसले, नाळेतून, नाकातून किंवा शौचातून रक्त गेले, टाळू फुगली, आचके आले किंवा बाळ सुस्त होऊन दूध ओढेनासे झाले, तर त्याच घटकेला रुग्णालय गाठावे. पाठीवर वा कुल्ल्यांवर जन्मतः असलेले निळसर डाग मात्र आपल्याकडील बाळांत नेहमीचे असून निरुपद्रवी असतात.

शेवटी समाजासाठी एक सूचना. महावीर जयंतीला आपल्याकडे रक्तदान शिबिरे मोठ्या उत्साहाने भरतात. लाल पेशी शीतकपाटात महिनाभराहून अधिक टिकतात; प्लेटलेट्स मात्र २० ते २४ अंश तापमानात, सतत हलवत ठेवूनही, साधारण पाचच दिवस टिकतात. एका दिवशी जमलेल्या शेकडो पिशव्यांतील प्लेटलेट्स पुढच्या आठवड्यात जन्मणाऱ्या बाळाच्या उपयोगी पडत नाहीत. प्रत्येक गावच्या मंडळाने तरुणांची यादी करून वर्षभर, दर आठवड्याला दोन-चार दाते रक्तपेढीकडे पाठवले, तर त्या दानाचे फळ कितीतरी पटींनी वाढेल. अभयदान हे श्रेष्ठ दान मानले आहे. तीस मिलिलिटर प्लेटलेट्सवर ज्याचा जीव तरतो, त्या अनोळखी बाळाला दिलेले अभय याहून वेगळे ते काय?