समुद्रातला मुक्काम

गोंडपिपरी तालुक्याचा नकाशा उघडला की आधी दोन नद्या दिसतात. एका अंगाने वर्धा, दुसऱ्या अंगाने वैनगंगा, आणि मधे निमुळती होत गेलेली धानाच्या बांध्यांची आणि जंगलाची जमीन. चपराळ्याजवळ ही जमीन संपते, दोघी एकमेकींना भेटतात आणि पुढे प्राणहिता होऊन वाहतात. सिरोंचाच्या पुढे प्राणहिता गोदावरीला मिळते आणि गोदावरी आंध्रात बंगालच्या उपसागराला. समुद्र इथून शेकडो किलोमीटर लांब आहे. तरीही सागरी रसायनशास्त्रातली एक संज्ञा समजून घ्यायला चपराळ्याच्या संगमासारखी जागा नाही, असं मी गेली कित्येक वर्षं भेटेल त्याला सांगत आलो आहे. ती संज्ञा म्हणजे निवासकाल. शास्त्रज्ञांच्या बोलण्यात ती 'रेसिडेन्स टाइम' म्हणून येते.

आधी एक कोडं. जगातल्या नद्यांची सरासरी काढली तर लिटरभर पाण्यात साधारण १५ मिलिग्रॅम कॅल्शियम निघतं आणि सोडियम पाच-सहा मिलिग्रॅम. म्हणजे नद्या समुद्राला मिठातल्या सोडियमपेक्षा चुन्यातलं कॅल्शियम जास्त देतात. पण समुद्राच्या एक किलो पाण्यात सोडियम असतं जवळपास १०.८ ग्रॅम आणि कॅल्शियम अर्धा ग्रॅमसुद्धा नाही, ०.४१ ग्रॅम. नद्यांनी युगानुयुगं चुना वाहून नेला आणि समुद्र मात्र खारट झाला. मग चुना गेला कुठे?

उत्तर आपल्या मामा तलावात आहे. माजी मालगुजारी तलाव आमच्या चंद्रपूर-गडचिरोलीकडे गावोगाव आहेत. समजा, तलावात शंभर माप पाणी आहे, नाल्याने रोज दहा माप येतं आणि सांडव्यावरून रोज दहा माप जातं. तर पाण्याचा तलावातला सरासरी मुक्काम दहा दिवसांचा. साठा भागिले आवक, एवढंच गणित. कोणताही थेंब बरोबर दहा दिवसच राहतो असं नाही. एखादा दुपारीच निघून जाईल, एखादा काठच्या गाळात महिनाभर अडकून पडेल. शिवाय हे गणित लागू पडतं ते आवक आणि जावक सारखी असेल तरच. ही अट मी पुनःपुन्हा सांगतो, कारण या संज्ञेच्या वापरातले सगळे घोळ ती विसरल्याने झाले आहेत.

आता तलावाच्या जागी महासागर घ्या. पाणी सुमारे १३३ कोटी घन किलोमीटर, नद्यांची वार्षिक आवक चाळीस हजार घन किलोमीटरच्या आसपास. विरघळलेल्या सोडियमचा साठा आवकेने भागला की मुक्काम येतो सुमारे सात कोटी वर्षं. कॅल्शियमचा येतो दहा लाख वर्षांच्या घरात. कोडं इथे सुटतं. सोडियमला समुद्रातून बाहेर पडायच्या वाटा थोड्या आणि संथ आहेत. कॅल्शियमला मात्र शंख-शिंपले, प्रवाळ आणि डोळ्यांना न दिसणारे कवचधारी जीव सतत उचलतात, त्यांची कवचं तळाला जातात आणि तिथे चुनखडीचे थर साचतात. समुद्र खारट आहे याचं कारण मीठ जास्त आलं हे नव्हे, मीठ जास्त टिकलं हे आहे.

इतिहास थोडक्यात सांगतो. 'चॅलेंजर' जहाजाने १८७२ ते १८७६ या काळात जगभरचं समुद्रपाणी गोळा केलं, विल्यम डिटमार यांनी त्यातल्या ७७ नमुन्यांचं पृथक्करण १८८४ मध्ये मांडलं आणि खारटपणा कमीजास्त असला तरी मुख्य क्षारांचं आपसातलं प्रमाण सगळीकडे सारखंच असतं हे पक्कं झालं. महासागराला तळापासून वरपर्यंत ढवळून निघायला हजारएक वर्षं लागतात. ज्याचा मुक्काम त्याहून खूप मोठा, तो सगळीकडे सारखा पसरतो. निवासकालाची कल्पना सध्याच्या रूपात टॉम बार्थ या नॉर्वेच्या भूरसायनशास्त्रज्ञाने १९५२ मध्ये मांडली.

जॉन जोली यांच्यासाठी मात्र जास्त जागा घेतो. समुद्राच्या खारटपणावरून जगाचं वय काढता येईल ही कल्पना धूमकेतूवाल्या एडमंड हॅली यांनी १७१५ मध्येच सुचवली होती. डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजातल्या जोली यांनी १८९९ मध्ये ती प्रत्यक्षात आणली. समुद्रातलं एकूण सोडियम घेतलं, नद्या दरसाल किती आणतात त्याने भागलं आणि पृथ्वीचं वय सांगितलं आठ ते नऊ कोटी वर्षं. आज आपण ते ४५४ कोटी वर्षं मानतो. जोली यांचा भागाकार मात्र मोठा सुंदर होता. त्यांनी गृहीत धरलं होतं की समुद्रात गेलेलं सोडियम बाहेर येतच नाही. तसं असतं तर उत्तर वयाचं ठरलं असतं. ते येतं, म्हणून त्यांच्या हाती लागला तो सोडियमचा निवासकाल, या संज्ञेला आजचं रूप मिळण्याच्या अर्धशतक आधी.

अशीच गल्लत आज हवेतल्या कार्बन डायऑक्साइडबाबत होते. एखादा रेणू हवेत चार-पाच वर्षंच राहतो, मग चिंता कशाला, असा युक्तिवाद मी भाषणांतून ऐकला आहे. रेणू चार-पाच वर्षांत समुद्रात किंवा झाडात जातो हे खरं, पण त्याच्या बदल्यात तिथून दुसरा हवेत येतो. आपण घातलेली जादाची भर ओसरायला शेकडो वर्षं लागतात आणि तिचा काही भाग हजारो वर्षं उरतो. रेणूचा मुक्काम आणि भर ओसरण्याचा काळ या वेगळ्या गोष्टी आहेत, आणि हा फरक शाळेतच शिकवला पाहिजे असं माझं स्पष्ट मत आहे.

आता चुना. गडचांदूर, आवारपूर, कोरपना या बाजूला गेलात तर सिमेंटचे कारखाने आणि त्यांच्या खाणी दिसतात. तिथल्या चुनखडकाला भूशास्त्रात 'चांदा लाइमस्टोन' असंच नाव आहे, जुन्या चांदा जिल्ह्यावरून पडलेलं. हा पैनगंगा गटातला खडक सुमारे शंभर कोटी वर्षांपूर्वी समुद्राच्या तळाशी साचला. राखी, गुलाबी, तपकिरी पातळ थर एकावर एक. त्या थरांवर हात ठेवला की मला नेहमी वाटतं, या कॅल्शियमचा समुद्रातला एक मुक्काम इथे संपला होता. यात शंख-शिंपले शोधू नका. तेव्हा कवच बांधणारे प्राणी जन्मालाच आले नव्हते. चुना पाण्यातून आपोआप किंवा सूक्ष्मजीवांच्या संगतीने खाली बसला. आज पावसाचं किंचित आम्लधर्मी पाणी तोच खडक विरघळवतं, पैनगंगा ते वर्धेला देते, वर्धा गोंडपिपरीच्या कडेने संगमापर्यंत नेते आणि कॅल्शियमचा समुद्रातला पुढचा मुक्काम सुरू होतो. सगळाच चुनखडक मात्र समुद्राचा नसतो. सिरोंचाकडच्या कोटा थरांतला चुनखडक गोड्या पाण्यात साचला. जुरासिक काळातल्या माशांचे आणि डायनोसॉरचे अवशेष त्या थरांत सापडतात, आणि वडधमचं जीवाश्म उद्यान त्याच परिसरात आहे. 

पण मला खरं वेड लावलं ते लोखंडाने. आलापल्ली-आष्टी रस्त्यावर उभं राहिलं की सुरजागडच्या लोहखनिजाचे ट्रक एकामागून एक जातात आणि पावसाळ्यात रस्त्यावरचा चिखल तांबडा होतो. सिंदेवाहीकडच्या लोहाऱ्याची लोखंडाची टेकडीही जुनी प्रसिद्ध. पायाखाली एवढं लोखंड असलेल्या या मुलखातून नद्या समुद्राकडे जातात, आणि भर समुद्रात मात्र लोखंडाचा दुष्काळ असतो. तिथल्या हजार लिटर पाण्यात विरघळलेलं लोखंड फार तर एका मिलिग्रॅमच्या विसाव्या हिश्श्याइतकं. त्याचा निवासकाल काही दशकांपासून काही शतकांपर्यंत, म्हणजे महासागर एकदा ढवळून निघण्याआधीच ते निघून जातं. प्राणवायू असलेल्या पाण्यात लोखंड गंजाच्या रूपात येतं, कणांना चिकटतं आणि बुडतं. नदीने आणलेलं लोखंड तर बहुतेक मुखापाशीच संपतं. गोड्या पाण्यात ते पालापाचोळ्यातून आलेल्या सेंद्रिय द्रव्यांच्या आधाराने तरंगत असतं. खारं पाणी मिसळलं की तो आधार सुटतो, गुठळ्या होतात आणि सगळं गाळात जातं. काकीनाड्याजवळच्या कोरिंगाच्या खारफुटीत गाळ पाहताना मी आमच्याकडची तांबडी माती आठवत होतो.

म्हणूनच दक्षिणेकडच्या महासागरात इतर पोषकद्रव्यं भरपूर असूनही वनस्पतीप्लवक कमी वाढतात. त्यांना चिमूटभर लोखंड द्यावं, ते वाढतील, हवेतला कार्बन शोषतील आणि बुडताना तो तळाला नेतील, ही कल्पना १९८०च्या दशकाअखेर जॉन मार्टिन यांनी जोरात मांडली. तिची एक मोठी परीक्षा आपल्या गोव्याने घेतली. दोना पावला इथली राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था १ जानेवारी १९६६ रोजी स्थापन झाली. तिने जर्मनीच्या आल्फ्रेड वेगेनर संस्थेबरोबर २००९ च्या सुरुवातीला 'लोहाफेक्स' हा प्रयोग केला. नावातलं 'लोहा' आपलंच. 'पोलारश्टेर्न' जहाज दक्षिण अटलांटिकमध्ये गेलं, वाजिह नकवी आणि व्हिक्टर स्मेटासेक यांच्या नेतृत्वाखाली सुमारे ३०० चौरस किलोमीटर पाण्यात लोहाचं सल्फेट सोडलं गेलं. पर्यावरणवाद्यांच्या आक्षेपांमुळे जर्मन सरकारने मधे काम थांबवलं होतं, नंतर परवानगी दिली. त्यानंतर शास्त्रज्ञ त्या पाण्याच्या पट्ट्याचा आठवडेच्या आठवडे माग काढत राहिले.

प्लवक वाढले, सुरुवातीच्या दोनेक आठवड्यांत जवळपास दुप्पट झाले. पण लगेच कोपेपॉड नावाचे बारीक कवचधारी जीव त्यांच्यावर तुटून पडले आणि ज्या कार्बनने खाली बुडायचं, तो वरच खाल्ला गेला. तळाकडे अगदी थोडा गेला. कार्बन नेण्याचं काम ज्या डायटम शेवाळांकडून अपेक्षित होतं, त्यांना काचेसारखं कवच बांधायला सिलिका लागते आणि त्या पाण्यातली सिलिका आधीच संपत आलेली होती. समुद्रात लोखंड ओतून हवामान सुधारण्याचे बेत त्यानंतर बरेच थंडावले. मी या प्रयोगाला यशस्वी मानतो. जे होणार नाही ते नीट मोजून दाखवणं हेही मोठं काम आहे.

सिलिका आली कुठून, हे विचारलं की आपण पुन्हा आपल्या नद्यांवर येतो. दख्खनचा काळा बेसाल्ट झिजतो तेव्हा सिलिका, कॅल्शियम आणि मॅग्नेशियम सुटतात, झिजताना हवेतला कार्बन डायऑक्साइड खर्च होतो. फ्रेंच शास्त्रज्ञांनी दख्खनच्या प्रमुख नद्यांचं पाणी तपासून या झिजेचा जगाच्या हवामानावरचा परिणाम २००१ मध्ये मांडला. समुद्रात सिलिकेचा निवासकाल दहा-पंधरा हजार वर्षांचा. धरणांच्या संथ पाण्यात डायटम वाढले की सिलिकेचा काही भाग तिथेच अडतो. वैनगंगेवर गोसीखुर्द आहे, प्राणहिता-गोदावरी संगमाच्या खाली मेडिगड्डा आहे. तलावाची आवक बदलली की मुक्कामाचा जुना आकडा जसाच्या तसा वापरता येत नाही.

हा भागाकार करायला खालचा आकडा हवा, आणि तो असल्याच नद्यांवर मिळतो. वैनगंगेवर आष्टीला, वर्धेवर बामणीला आणि प्राणहितेवर टेकड्याला केंद्रीय जल आयोगाची मोजणी-केंद्रं आहेत. गोंडवाना विद्यापीठ २०११ पासून गडचिरोलीत आहे. त्याच्या महाविद्यालयांतल्या बी.एस्सी.च्या मुलांना ईडीटीए वापरून पाण्यातलं कॅल्शियम काढायचं प्रात्यक्षिक असतंच. त्यांनी नळाच्या पाण्याऐवजी तीन बाटल्या घ्याव्यात: संगमाच्या वर वर्धेची एक, वैनगंगेची एक आणि संगमाखाली प्राणहितेची एक. एकदा जेठात, एकदा भाद्रपदात. वर्धेचं खोरं बेसाल्टचं आणि पैनगंगेच्या चुनखडकाचं, वैनगंगेच्या खोऱ्यात ग्रॅनाइट-नाइसचे जुने कठीण खडक पुष्कळ. तेव्हा पहिल्या दोन बाटल्यांतले आकडे सारखे येऊ नयेत. तिसरी बाटली सांगेल की दोघींपैकी कोणाचं पाणी किती मिसळलं. त्या आकड्याला टेकड्याच्या प्रवाहाने गुणलं की प्राणहिता वर्षाला किती टन कॅल्शियम समुद्राच्या वाटेला लावते, याचा पहिला अंदाज वहीत उतरेल.