वारा नसताना जहाज ओढायचे कोणी?

शंभर तोफांचे लढाऊ जहाजही वारा समोरून सुटला की बंदरात अडकून पडे. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी ब्रिटिश आरमारही वाऱ्यापुढे हतबल होते. अशा वेळी खलाशी होड्यांना दोरखंड बांधून जहाज ओढत. नाहीतर होडीतून नांगर पुढे नेऊन टाकत आणि डेकवरचा रहाट फिरवून जहाज त्याच्याकडे खेचत.

१८२२ मध्ये डेप्टफर्डच्या गोदीत ‘कॉमेट’ ही लाकडी बोट तयार झाली. ब्रिटिश आरमाराच्या पहिल्या वाफेच्या बोटींपैकी ही एक. बोल्टन अँड वॅटचे ८० अश्वशक्तीचे इंजिन तिची दोन्ही बाजूंची पात्यांची चाके फिरवी. त्याच वर्षी राजे चौथे जॉर्ज स्कॉटलंडला निघाले, तेव्हा त्यांची शिडाची नौका ओढायला ‘कॉमेट’ होती.

मग युद्धनौकांनाच इंजिन का बसवले नाही? चाकांनी तोफांची जागा अडवली असती आणि एका गोळ्यात ती निकामी झाली असती. ओढण्यासाठी मात्र चाक उत्तमच. पाणी मागे ढकलले की बोटीला पुढे जोर मिळतो. हा जोर पाण्याच्या वेगाच्या प्रमाणात वाढतो, पण त्यासाठी लागणारी ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात. म्हणून दुप्पट पाणी निम्म्या वेगाने ढकलले, तर तोच जोर निम्म्या ऊर्जेत मिळतो. रुंद पात्यांचे संथ चाक नेमके हेच करते.

खरे कष्ट होते बॉयलरपाशी राबणाऱ्यांचे. वाफ थंड करायला तिच्यात समुद्राचे पाणी फवारत आणि तेच खारे पाणी पुन्हा बॉयलरमध्ये जाई. क्षारांचा थर साचला की उष्णता अडे, कोळसा जास्त जळे, धातू तापून कमकुवत होई. म्हणून दाट झालेले खारे पाणी वरचेवर बाहेर सोडावे लागे आणि बॉयलर निवल्यावर थर खरवडून काढावा लागे. शिडांच्या जहाजांची सुटका या काजळलेल्या माणसांच्या घामावर होत होती.

पुढे जहाजांना पाण्याखाली फिरणारे पंखे आले, तरी चाके संपली नाहीत. १९५० च्या दशकात ब्रिटिश नौदलाने ‘डायरेक्टर’ वर्गाचे नवे टग (जहाजे ओढणाऱ्या बोटी) बांधले, तेही चाकांचेच. त्यांची दोन्ही चाके वेगवेगळी फिरत, त्यामुळे विमानवाहू जहाजाजवळ ते जागच्या जागी वळत. वेगात मागे पडलेले यंत्र ओढण्याच्या कामात दीडशे वर्षे टिकले, कारण यंत्राची लायकी त्याच्या कामावरूनच ठरते.