'गोनोडॅक्टिलॉइड' म्हणजे नक्की कोण? मॅन्टिस श्रिम्पच्या एका अवघड शब्दाची सोपी फोड

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं वाटतं, किंवा लोकलमध्ये हेडफोन घरी राहिलाय म्हणून जे इथे आलेत, त्यांच्यासाठी हा आपल्या भागाचा लेखी अवतार. बोललो तसंच ठेवलंय, फक्त 'म्हणजे', 'अ‍ॅक्च्युअली' वगैरे थोडे कमी केलेत.

आजचा शब्द आहे गोनोडॅक्टिलॉइड. उच्चारताना जीभ अडखळते, पण घाबरू नका. मॅन्टिस श्रिम्पबद्दल काहीही वाचायला गेलात की हा शब्द दुसऱ्या-तिसऱ्या परिच्छेदात भेटतोच. बरेच जण त्याचा अर्थ 'ठोसा मारणारा मॅन्टिस श्रिम्प' असा धरून पुढे जातात. तो अर्थ तसा नाही. आणि तो तसा का नाही हे कळलं, की रील्समध्ये फिरणारे निम्मे दावे आपले आपण तपासता येतात.

आधी प्राणी कोण ते बघू

मॅन्टिस श्रिम्प हा ना मॅन्टिस, ना श्रिम्प. कोळंबी, खेकडे, शेवंड हे सगळे डेकापोडा या गणातले. मॅन्टिस श्रिम्पचा गण वेगळा, स्टोमॅटोपोडा. त्याच्या जवळपास ५०० जाती माहीत आहेत. पुढचे दोन मोठे पाय प्रेइंग मॅन्टिस किड्यासारखे दुमडून ठेवलेले असतात, म्हणून हे नाव पडलं. शिकार करायचं हत्यार म्हणजे हेच पाय. पायाच्या टोकाच्या शेवटच्या भागाला डॅक्टिल म्हणतात, ग्रीकमध्ये त्याचा अर्थ बोट. हे 'बोट' लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

हे हत्यार दोन प्रकारे वापरलं जातं. काही जण बोट मिटलेलं ठेवतात आणि त्याच्या फुगीर, टणक टाचेने ठोसा मारतात. शंख, खेकड्याचं कवच, काहीही फोडतात. हे स्मॅशर. आपण त्यांना ठोसेवाले म्हणू. दुसरे बोट उघडतात, त्यावरच्या काट्यांनी मासा किंवा कोळंबी भोसकून ओढून घेतात. हे स्पिअरर, म्हणजे भालेवाले. रॉय काल्डवेल आणि ह्यू डिंगल या दोन संशोधकांनी १९७० च्या दशकात ही विभागणी मांडली आणि ती लोकप्रिय झाली.

आता नीट बघा, ही विभागणी कशाची आहे? कामाची. प्राणी कसा मारतो त्याची. तो कोणाचा नातेवाईक आहे, हे ती सांगत नाही.

शब्दाची फोड

गोनोडॅक्टिलस नावाची एक प्रजाती आहे. प्राण्यांच्या नावांचे आंतरराष्ट्रीय नियम आहेत. त्यानुसार एखाद्या प्रजातीच्या नावावरून वरच्या पातळीचं नाव बनवायचं तर ठरावीक शेपूट जोडायचं. कुल असेल तर '-इडी', अधिकुल, म्हणजे सुपरफॅमिली असेल तर '-ऑइडिया'. म्हणून गोनोडॅक्टिलसचं कुल झालं गोनोडॅक्टिलिडी आणि त्याच्या वरचं अधिकुल झालं गोनोडॅक्टिलॉइडिया.

रोजच्या बोलण्यात संशोधक ही शेपटं छाटतात. गोनोडॅक्टिलिडी कुलातला प्राणी तो गोनोडॅक्टिलिड. गोनोडॅक्टिलॉइडिया अधिकुलातला तो गोनोडॅक्टिलॉइड. एका 'ऑ'चा फरक, पण पातळी अख्खी बदलते.

गोंधळ होतो तो दुसऱ्याच एका '-ऑइड'मुळे. तो तुमच्या खिशातच आहे. अँड्रॉइड म्हणजे माणसासारखा. अ‍ॅस्टेरॉइड म्हणजे ताऱ्यासारखा. ग्रीकमधून आलेल्या या '-ऑइड'चा साधा अर्थ 'सारखा दिसणारा'. त्यामुळे गोनोडॅक्टिलॉइड ऐकलं की मेंदू आपोआप भाषांतर करतो, 'गोनोडॅक्टिलससारखा काहीतरी, म्हणजे ठोसेवाला असणार'. वर्गीकरणात मात्र तो शब्द 'सारखा' म्हणत नाही. तो 'या अधिकुलाचा सदस्य' म्हणतो. दिसणं वेगळं, सदस्यत्व वेगळं.

आपल्या स्वतःच्या घरातलं उदाहरण घ्या. होमिनिड आणि होमिनॉइड. होमिनिड म्हणजे होमिनिडी कुल: माणूस, चिंपांझी, गोरिला, ओरांगउटान. होमिनॉइड म्हणजे त्याच्यावरचं अधिकुल, त्यात गिबनही येतो. प्रत्येक होमिनिड हा होमिनॉइड असतो, पण गिबन होमिनॉइड असूनही होमिनिड नाही. हे जमलं की गोनोडॅक्टिलॉइड जमलंच.

आता खरे प्राणी बसवू

एक: मोरासारखा रंगीत पीकॉक मॅन्टिस श्रिम्प, ओडोंटोडॅक्टिलस स्किलारस. तुम्ही व्हिडिओत पाहिलेला बहुतेक हाच. ठोसेवाला आहे. त्याचं कुल ओडोंटोडॅक्टिलिडी, नावातच 'दातेरी बोट'. म्हणजे हा गोनोडॅक्टिलॉइड आहे, पण गोनोडॅक्टिलिड नाही. गिबनची केस.

दोन: गोनोडॅक्टिलस किराग्रा. प्रवाळाच्या भेगांत राहणारा, ठोसेवाला. हा गोनोडॅक्टिलिडही आणि गोनोडॅक्टिलॉइडही.

तीन: हेमिस्क्विला कॅलिफोर्निएन्सिस, कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरचा. पारंपरिक मांडणीत गोनोडॅक्टिलॉइड, पण बोटाची टाच बाकीच्या ठोसेवाल्यांसारखी हातोडी झालेली नाही. धड ठोसेवाला नाही, धड भालेवाला नाही.

चार, आणि हा सगळ्यात महत्त्वाचा: स्यूडोस्क्विला सिलिआटा. पारंपरिक मांडणीत हाही गोनोडॅक्टिलॉइडियातच. पण बोटावर तीन टोकदार काटे, आणि काम भाल्याचं. म्हणजे गोनोडॅक्टिलॉइड असून भालेवाला!

मी कोड लिहून पोट भरतो, त्यामुळे मला हे असं दिसतं: 'गोनोडॅक्टिलॉइड' म्हणजे पॅरेंट क्लास, कोणाकडून काय वारशाने आलं ते. 'ठोसेवाला' म्हणजे इंटरफेस, कोणतं काम करता येतं ते. पॅरेंट क्लासचं नाव वाचून मेथड ओळखायला गेलं की बग येणारच. ज्यांचा कोडशी संबंध नाही त्यांच्यासाठी: आडनाव सुतार आहे म्हणून तो माणूस रंधा मारतच असेल असं नाही.

एक गोष्ट मात्र उलट्या दिशेने बऱ्यापैकी खरी आहे. पक्के, हातोडीवाले ठोसेवाले याच अधिकुलात आहेत. म्हणून 'ठोसेवाला दिसला, तर तो गोनोडॅक्टिलॉइड असणार' हा अंदाज चालतो. 'गोनोडॅक्टिलॉइड आहे, म्हणून ठोसेवाला' हा चालत नाही.

याने फरक काय पडतो?

आता रील्सकडे येऊ. दावा पहिला: 'मॅन्टिस श्रिम्प बंदुकीच्या गोळीच्या वेगाने ठोसा मारतो.' २००४ साली शीला पाटेक आणि सहकाऱ्यांनी पीकॉक मॅन्टिस श्रिम्पचा ठोसा हाय-स्पीड कॅमेऱ्यात मोजला. वेग सेकंदाला १४ ते २३ मीटर. म्हणजे ताशी साधारण ५० ते ८० किलोमीटर, तेही पाण्यात. प्रचंडच आहे, पण गोळी सेकंदाला शेकडो मीटर जाते. गोळीशी तुलना होते ती त्वरणाची, म्हणजे शून्यापासून त्या वेगापर्यंत किती झटकन पोचतो त्याची. ठोशाचा वेग इतका की पाण्यात बुडबुडे तयार होऊन फुटतात आणि शिकारीला दुसरा दणका बसतो. २००५ च्या मोजणीत आघाताचं बल ४०० ते १,५०० न्यूटनपर्यंत भरलं.

पण हे आकडे कोणाचे? एका ठोसेवाल्या जातीचे. २०१२ मध्ये भालेवाल्यांचे वार मोजले, ते सेकंदाला साधारण २ ते ६ मीटर निघाले. त्यांना कवच फोडायचं नसतं, बिळाच्या तोंडाशी दबा धरून जवळ आलेला मासा पकडायचा असतो. तेवढा वेग पुरतो.

दावा दुसरा: 'मॅन्टिस श्रिम्पला १२ प्रकारचे रंगग्राही असतात, माणसाला फक्त ३.' इथे पुन्हा अधिकुल कामाला येतं. या प्राण्यांच्या डोळ्याच्या मधोमध एक पट्टा असतो. गोनोडॅक्टिलॉइड आणि लायसिओस्क्विलॉइड यांच्यात त्या पट्ट्याला सहा रांगा असतात. रंगांची ती प्रसिद्ध सोय वरच्या चार रांगांत. स्क्विलॉइड मंडळींच्या पट्ट्याला फक्त दोन रांगा असतात आणि त्यांच्याकडे ही १२ ची सोय नसते. बहुतेक स्क्विलॉइड चिखलाच्या तळाशी, गढूळ पाण्यात राहतात.

गंमत बघा. डोळ्याच्या बाबतीत भालेवाला की ठोसेवाला हे विचारून उपयोग नाही, कारण लायसिओस्क्विलॉइड भालेवाले असूनही सहा रांगा बाळगतात. तिथे '-ऑइड'वालं नावच विचारावं लागतं. ठोशाच्या बाबतीत उलटं, तिथे काम विचारायचं. कुठला प्रश्न आहे त्यावर कुठलं लेबल वापरायचं ते ठरतं.

आणि आपल्या समुद्रात?

भारताच्या पश्चिम किनाऱ्यावर ट्रॉलरच्या जाळ्यात कोळंबीसोबत जे मॅन्टिस श्रिम्प ढिगाने येतात, ते मुख्यतः स्क्विलॉइड. म्हणजे भालेवाले, दोन रांगांचे. त्यांना फारसा भाव नसतो, बराचसा माल खत किंवा फिशमीलकडे जातो. मासेमारीच्या सरकारी आकडेवारीत त्यांचा वेगळा रकाना असतो, 'स्टोमॅटोपॉड्स'.

यातल्या एका नेहमीच्या जातीचं नाव बघा. १८२८ मध्ये तिची नोंद झाली स्क्विला नेपा म्हणून. पुढे १९६८ मध्ये ओरॅटोस्क्विला ही प्रजाती वेगळी काढली, मग ती ओरॅटोस्क्विला नेपा. १९९५ मध्ये मियाकिया नेपा. नंतर लक्षात आलं की मियाकिया हे नाव एका पतंगाच्या प्रजातीला आधीच दिलेलं आहे. एक नाव दोन प्रजातींना चालत नाही, अगदी नेमस्पेस कोलिजन! म्हणून २०१३ मध्ये ती झाली मियाकेला नेपा.

आता समजा तुम्ही प्रोजेक्टसाठी हिची माहिती शोधताय. फक्त आजचं नाव टाकलंत, तर कित्येक दशकांचे भारतीय अभ्यास सापडणारच नाहीत, कारण ते जुन्या नावांखाली आहेत. पकड वाढली की घटली हे सांगायला जुने आकडेच लागतात. आणि 'मॅन्टिस श्रिम्प' असं मोघम शोधलंत तर प्रवाळातल्या रंगीत ठोसेवाल्याची माहिती या चिखलातल्या प्राण्याला चिकटेल. म्हणून चारही नावांनी शोधा आणि शेजारी 'स्क्विलॉइड' लिहून ठेवा. प्रजातीचं नाव इतकं फिरलं, पण हा गट तोच राहिला.

मग '-ऑइड' कायमचं आहे का?

नाही. डीएनएवर आधारित अभ्यासांनी गोनोडॅक्टिलॉइडियाच्या हद्दीवरच प्रश्न उभे केलेत, खास करून स्यूडोस्क्विला मंडळी खरंच याच घरातली का, यावर. म्हणून मी वर सारखं 'पारंपरिक मांडणीत' म्हणत होतो. 'हा भोसकतो' ही डोळ्यांनी पाहिलेली नोंद आहे. 'हा गोनोडॅक्टिलॉइड आहे' हा नात्याबद्दलचा दावा आहे, नवा पुरावा आला की तो बदलू शकतो. काटे मात्र तेव्हाही बोटावर तीनच असतील.

तर वापराचे तीन साधे नियम, स्क्रीनशॉट काढून ठेवा:

१. शेवटी '-इड' दिसलं तर कुल, '-ऑइड' दिसलं तर अधिकुल.
२. मारण्याची पद्धत सांगायची असेल तर सरळ ठोसेवाला किंवा भालेवाला म्हणा, अधिकुलावरून ओळखू नका.
३. कुठलाही भन्नाट आकडा दिसला की विचारा: कोणत्या जातीचा?

तिसरा नियम मॅन्टिस श्रिम्पपुरता नाहीये, हे तुमच्या लक्षात आलंच असेल. पुढच्या भागात भेटू. तोवर पुढच्या वेळी मासळीबाजारात कोळंबीच्या ढिगात दुमडलेल्या हातांचा एखादा दिसला, तर त्याच्या बोटावरचे काटे मोजून बघा. सांभाळून मात्र, धार असते.