गाण्याचं गणित – लेखांक ७ : ‘गुलाबी साडी’चा नंबर कोणी लावला?

शिरोली एमआयडीसीतल्या फाउंड्रीत कास्टिंगं किती निघाली आणि रिजेक्शनला किती गेली, याची नोंद पाळीगणिक होते. पाळी सुटल्यावर फाट्यावरच्या वडाप जीपमध्ये जे गाणं दणदणत असतं, ते मात्र कुणाच्याच वहीत चढत नाही. या आठवड्यात आपण गाण्यांचे क्रमांक लावणारे चार्ट बघणार आहोत, आणि चार्ट म्हणजे शेवटी वहीच. ती कुणाची आणि तिच्यात काय लिहितात, एवढं कळलं की निम्मं काम झालं.

आधी ‘सिंगल’. १९४९ मध्ये अमेरिकेत आरसीए व्हिक्टरने सात इंची, मिनिटाला ४५ फेरे घेणारी तबकडी काढली. एका बाजूला एक गाणं. अख्खा अल्बम न घेता एकच गाणं विकत घ्यायची सोय झाली, म्हणून एकेका गाण्याचा खपही मोजता येऊ लागला. ब्रिटनमध्ये १९५२ च्या नोव्हेंबरात पहिली यादी छापली गेली, तीही दुकानांना फोन करून खप विचारत. बिलबोर्डची ‘हॉट हंड्रेड’ ऑगस्ट १९५८ ची. तिच्यात विक्रीबरोबर रेडिओवर किती वाजलं हेही धरलं जाई.

आपल्याकडे १९५२ च्याच अखेरीस रेडिओ सिलोनवर अमीन सायानींची ‘बिनाका गीतमाला’ सुरू झाली. रेकॉर्डचा खप, श्रोत्यांची पत्रं, पुढे श्रोता संघांची मतं यांवर तिथे पायऱ्या ठरत. पण ती पडली हिंदी सिनेमाची गीतमाला. मराठी गाण्याला अशी पायरी कधी मिळालीच नाही. त्यामुळे आपल्याकडे ‘गाजलेलं गाणं’ हा आठवणीचा विषय राहिला, आकड्याचा नाही.

‘झिंगाट’चंच घ्या. ते ज्यातलं, तो ‘सैराट’ सिनेमा आला २९ एप्रिल २०१६ ला. स्वस्त इंटरनेट देणारं जिओ आलं त्याच वर्षी ५ सप्टेंबरला. मधल्या चार महिन्यांत ते गाणं गावोगाव पोचलं ते कशातून? इंटरनेट महाग, म्हणून मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्डात गाणी भरून घ्यायची. ब्लूटूथवरून एकाचं दुसऱ्याकडे जायचं. वरातीत, मिरवणुकीत, ट्रॅक्टरवर वाजायचं. अजय-अतुल यांनी ‘सैराट’च्या संगीतासाठी लॉस एंजेलिसमध्ये जाऊन सिंफनी वाद्यवृंद ध्वनिमुद्रित केला होता, इतकी त्या कामाची ऐट, पण मेमरी कार्डातलं ऐकणं जगातल्या कुठल्याच यादीत जमा झालं नाही. माझ्या मते त्या उन्हाळ्यात महाराष्ट्रातलं सगळ्यात जास्त वाजलेलं गाणं तेच असेल. पुरावा मागाल तर देता येणार नाही.

‘गुलाबी साडी’ला हा पुरावा आयता मिळाला. जळगाव जिल्ह्यातल्या संजू राठोडचं हे गाणं फेब्रुवारी २०२४ मध्ये आलं. संगीत जी-स्पार्कचं. मागे सिनेमा नाही, मोठा हिरो नाही. खऱ्या अर्थाने ‘सिंगल’. तोवर फोन घरोघरी झाले होते आणि स्पॉटिफाय भारतात येऊन पाच वर्षं झाली होती. गाण्यातला तुकडा रील्ससाठी नेमक्या लांबीचा निघाला. आजीपासून नातीपर्यंत बायकांनी गुलाबी साड्या नेसून रील्स टाकली, आणि प्रत्येक रील यंत्राच्या हिशोबात आलं.

पुढे बातम्या आल्या की गाणं ‘व्हायरल’ यादीत चढलं. इथे जरा थांबा, कारण बहुतेक जण इथेच फसतात. व्हायरल यादी वेग मोजते: गाणं किती झपाट्याने पसरतंय, किती जण पुढे पाठवतायत. ‘टॉप’ यादी एकूण ऐकणं मोजते. कालपर्यंत कुणाला ठाऊक नसलेलं गाणं व्हायरलमध्ये वर आणि टॉपमध्ये बेपत्ता असू शकतं. न्यूयॉर्कच्या टाइम्स स्क्वेअरवर हे गाणं झळकलं, त्याचं कौतुक मलाही आहे. पण फलक म्हणजे जाहिरातीची जागा. तिथे मान मिळतो, क्रमांक नाही.

शिवाय ‘ऐकलं’ कशाला म्हणायचं? स्पॉटिफायवर गाणं तीस सेकंद वाजलं की एक स्ट्रीम धरतात. एकोणतिसाव्या सेकंदाला बदललंत तर शून्य. कारखान्याच्या कँटीनमध्ये एक फोन स्पीकरला जोडला आणि चाळीस जणांनी गाणं ऐकलं, तरी स्ट्रीम एकच. उलट कानात इयरफोन घालून एकट्याने दहादा ऐकलं तर दहा. लग्नातल्या डॉल्बीला पेनड्राइव्ह लावला असेल तर काहीच नाही. म्हणजे एकत्र ऐकायची सवय असलेल्या समाजाचं गाणं या वहीत कायम थोडं कमीच भरणार. शिरोलीतल्या बिहार, उत्तर प्रदेशातून आलेल्या कामगारांच्या खोल्यांत वाजणाऱ्या भोजपुरी गाण्यांनाही हेच लागू.

राहता राहिली अधिकृत म्हणावी अशी यादी. भारतीय संगीत कंपन्यांच्या संघटनेने, म्हणजे आयएमआयने, जून २०२१ मध्ये आठवड्याची वीस गाण्यांची यादी सुरू केली. मोठा गाजावाजा झाला. ती यादी भारतात ऐकल्या जाणाऱ्या परदेशी गाण्यांची होती.